शहर बांधणाऱ्याचा पत्ता

यू मिरी यांची जपानी कादंबरी २०१४ साली निघाली. ‘तोक्यो उएनो स्टेशन’ या नावाने झालेल्या तिच्या इंग्रजी भाषांतरास २०२० साली अमेरिकेचा राष्ट्रीय ग्रंथ पुरस्कार लाभला. नायक काझू फुकुशिमाकडचा. १९६४ च्या ऑलिंपिकच्या बांधकामावर तो तोक्योस येतो, मिळकत घरी धाडतो, आणि उतारवयात उएनोच्या उद्यानातील बेघरांत जाऊन पडतो. कथा सांगतो तो त्याचा मृतात्मा.

काझू आणि सम्राट अकिहितो एकाच वर्षी, १९३३ साली, जन्मलेले. काझूचा मुलगा राजपुत्राच्याच दिवशी जन्मतो. पुरावा इतका जुळू लागला की वकिलास संशय येतो, आम्हांसही आला. परंतु राजघराण्यातील कोणी येणार म्हणून बेघरांना आपले निवारे मोडून निघावे लागते, हा भाग वाचला आणि योगायोगाचे प्रयोजन ध्यानी आले. लेखिका फिर्याद मांडीत नाही. पाऊस, येणाऱ्याजाणाऱ्यांचे बोलणे, गाड्यांचा आवाज एवढीच तिची साक्ष. ती पुरते.

१९८२ च्या संपानंतरच्या गिरणगावाचा असाच हिशेब जयंत पवारांनी मराठी कथेत मांडला. आम्ही डोकमर्डीत राहतो. सिल्वासाचे कारखाने परप्रांतीच्या हातांवर चालतात. भाडेपावती नसलेला कामगार आमच्याकडे येतो, तेव्हा अर्जात त्याचा पत्ता काय लिहावा येथेच लेखणी अडते. त्याची कादंबरी अद्याप आमच्या वाचनात नाही.