तारलीचा डबा

‘बेलफास्ट, मेन’ (१९९९) उघडतो तो पहाटेच्या पाण्यावर. शेवंडं धरणाऱ्यांची होडी, वर ओढले जाणारे पिंजरे. ही माणसं कोण, हे कुणी सांगत नाही. फ्रेडरिक वाइजमन यांच्या अनुबोधपटांत निवेदक नसतो, मुलाखती नसतात, वरून चढवलेलं पार्श्वसंगीत नसतं, माणसाच्या नावाची पट्टीसुद्धा पडद्यावर उमटत नाही. चार तासांहून लांब असलेल्या या चित्रपटात अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या एका लहानशा गावात आपण पाहुण्यासारखे शिरतो आणि हळूहळू नजर सरावते.

या चित्रपटातला माझा सर्वांत लाडका भाग म्हणजे तारल्या डबाबंद करण्याचा कारखाना. दुसऱ्या एखाद्याने यंत्र, मासळी, डबा एवढ्या तीन शॉट्समध्ये तो उरकला असता. वाइजमन मासळीचा माग सोडत नाहीत. वाहता पट्टा, त्यावरची चंदेरी रास, ती उचलणारी बोटं, भरलेले डबे, पुन्हा बोटं. एकेक शॉट आखूड आहे, भाग मात्र लांबत जातो. पहिल्यांदा आपल्याला कामाचा वेग दिसतो, मग कौशल्य. आणि कुतूहल भागल्यावरही दृश्य संपत नाही, तेव्हा कुठे कळतं की कारखान्यातल्या बायांची कामाची पाळीही अशीच संपत नसणार. थकवा हा शब्द कुणी उच्चारलेला नाही. तो संकलनाने आपल्या अंगात उतरवलाय. केवढी ही हातोटी!

आता डोळे मिटून हाच भाग ऐका. कॅमेरा जॉन डेव्ही यांच्या खांद्यावर आहे, पण ध्वनिमुद्रण स्वतः दिग्दर्शकाचं, आणि पुढे संकलनही त्यांचंच. म्हणून कटांना यंत्रांच्या खडखडाटाची लय आहे. इथे सुरावट घातली असती, तर श्रम गोंडस झाले असते.

शाळेचा एक वर्गही चित्रपटात आहे. मास्तर ‘मोबी डिक’ शिकवताहेत: शोकांतिकेत जी जागा राजेरजवाड्यांची, तिथे मेलव्हिलने समुद्रावर पोट भरणारा माणूस कसा आणून बसवला, हे ते तळमळीने उलगडतात. कॅमेरा मुलांच्या चेहऱ्यांकडे वळतो. काही गुंतलेले, काही दूर कुठेतरी. आणि आपल्याला ती पहाटेची होडी आठवते, कारखान्यातली ती बोटं आठवतात. दिग्दर्शकाने मधे रेघ ओढून दाखवलेली नाही. दोन्ही टोकं आपल्या हाती देऊन तो बाजूला झालाय, आणि गाठ मारण्याचा आनंद आपला.

प्रसंगांच्या सांध्यांत रस्ते, घरं, पाणी यांचे मूक शॉट येतात. पहिल्या तासात ते विसाव्यासारखे वाटतात. पुढेपुढे मात्र एखादं बंद दार दिसलं, तरी आत कोण राहत असेल असं मनात येऊ लागतं.