ऐकणाऱ्यावर खिळलेला कॅमेरा

चैतन्य ताम्हाणे यांच्या 'द डिसायपल'वर (२०२०) आपण बरंच बोललो, पण ते ख्यालगायकी, गुरू-शिष्य आणि व्हेनिसच्या पटकथा-पुरस्काराबद्दल. त्याचे पोलिश छायाचित्रकार मिखाउ सोबोचिन्स्की त्या चर्चेत मागेच राहिले.

छायाचित्रण त्यांच्याकडे पिढीजात आहे. आजोबा विटोल्ड आधी जॅझमध्ये ड्रम वाजवत. पुढे दिग्दर्शक वाइदा आणि पोलान्स्कींसाठी त्यांनी कॅमेरा धरला. वाइदांच्या 'प्रॉमिस्ड लँड'मधलं (१९७५) कापडगिरण्यांचं वूच शहर आम्हा सुरतकरांना परकं वाटू नये. वडील प्योत्र यांना 'थ्री कलर्स: रेड'साठी ऑस्कर नामांकन मिळालं होतं.

परदेशी छायाचित्रकाराचं आपल्याला अप्रूप नाही. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये १९३०च्या दशकातच जर्मन योझेफ विर्शिंग होते. प्रश्न आहे तो आज मराठी चित्रपटाला अशा नजरेतून काय मिळालं, हा. 'किल्ला'तला अविनाश अरुण यांचा कोकणी पाऊस किंवा 'सैराट'मधली सुधाकर रेड्डी यक्कंटी यांची मोकळी शिवारं, गेल्या दशकातलं आपलं गाजलेलं छायाचित्रण बहुतेक भूभागात रमलं. ताम्हाणे यांच्याच 'कोर्ट'मध्ये मृणाल देसाई यांनी कॅमेरा जागीच रोवून माणसांना चौकटीत ये-जा करू दिली. सोबोचिन्स्की या वाटेवर पुढे जातात, मात्र कॅमेऱ्याला विलंबित लय देऊन.

मैफल चित्रित करायची म्हणजे गायकाचा हात, तबलजीची बोटं, श्रोत्यांची दाद, असे तुकडे जोडायचे, ही आपली सवय. इथे गुरुजी गात असतात आणि कॅमेरा सावकाश सरकतो तो मागे तानपुरा घेऊन बसलेल्या त्यांच्या शिष्याकडे, शरदकडे. त्याच्या डोळ्यांत भक्ती आहे आणि आपल्याला हे कधी जमेल, ही धास्तीही. संवाद न घालता चित्रपटाचं मर्म कळतं. टीव्हीवरच्या गायनस्पर्धेचा झगमगाट आणि भराभर बदलणारे कोन या संथपणासमोर आले की बाजाराची चालही उघडी पडते.

रात्रीच्या निर्मनुष्य रस्त्यांवरून शरद मोटारसायकलवर जातो, कानात गुरुजींच्या गुरू माईंची व्याख्यानं. संथ गतीतली ही दृश्यं पहिल्यांदा झपाटून टाकतात. पुन्हापुन्हा येताना मात्र त्यांचं देखणेपण शरदच्या भ्रमाचीच बाजू घेऊ लागतं. त्या उपदेशाकडे संशयाने पाहायला प्रेक्षकाला फट उरत नाही.

मोठी अडचण चौकटीबाहेरची आहे. चित्रपट ३० एप्रिल २०२१ रोजी नेटफ्लिक्सवर आला. सुरतेतल्या उधना-लिंबायतच्या मराठी वस्तीत तो ज्याने मोबाइलवर पाहिला, त्याच्यापर्यंत कथा पोचली. पण लांबून घेतलेल्या चौकटीतले बारीक हावभाव आणि अंधाराच्या छटा तेवढ्या पडद्यावर मावत नाहीत. अशा कामाला चित्रपटगृह मिळवून देणं, निदान फिल्म सोसायट्यांनी ते मोठ्या पडद्यावर दाखवणं, हा छायाचित्रणाच्या कदरीचाच भाग आहे. पुरस्कारांच्या बातम्यांनी ते काम होत नाही.