गंगाधरपंतांची निद्रा आणि एक पाठभेद

जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेची चर्चा बहुधा विज्ञानकथा म्हणूनच होत आली आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांची ट्रकशी टक्कर होते, आणि ते अशा हिंदुस्थानात वावरू लागतात की जेथे १७६१ साली पानिपतावर मराठ्यांचा जय झालेला आहे. वैद्यकाच्या मते हा मूर्च्छेतील भ्रम ठरेल; आम्हांस मात्र या कथेचे कूळ मराठीतच अधिक जुने दिसते.

ज्ञानदेव शके १२१८ मध्ये समाधिस्थ झाले. पुढे ते एकनाथांच्या स्वप्नात आले व अजानवृक्षाची मुळी कंठास लागल्याचे त्यांनी सांगितले, असे नाथांच्या अभंगातच आहे. नाथांनी आळंदीस जाऊन समाधीचा शोध घेतला आणि शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. नामदेवही सुमारे तीन शतके ओलांडून तुकोबांच्या स्वप्नात आले, ते कवित्वाचे उरलेले काम सोपविण्यासाठी. या स्वप्नांना दुखणे मानावे की साक्षात्कार, हा वाद आम्ही येथे उकरीत नाही. दोन्ही स्वप्नांचा शेवट ग्रंथात झाला, एवढे आमच्या विषयास पुरेसे आहे.

गंगाधरपंतांच्या अनुभवाचा शेवटही ग्रंथातच होतो. मुंबईच्या टाउन हॉलमधील ग्रंथालयात ते स्वतःच लिहिलेला इतिहास उघडतात आणि पानिपताच्या प्रकरणाशी येऊन थबकतात. हा प्रसंग कथेतील सर्वोत्कृष्ट होय. परत येताना त्यांच्या खिशात ‘भाऊसाहेबांच्या बखरी’चे फाटके पान राहते, त्यात विश्वासरावांना लागावयाची गोळी चाटून गेलेली आहे. नाथांनी अपपाठ काढून टाकले. गंगाधरपंत एक नवा पाठभेद घेऊन येतात, आणि तो कोणत्याही संपादकास ना स्वीकारता येतो, ना टाकता येतो. ही कल्पना असामान्य आहे. गंमत अशी की, राजवाड्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’च्या पहिल्या खंडाच्या (१८९८) प्रस्तावनेत ज्या बखरींच्या विश्वसनीयतेवर कठोर प्रहार केले, त्यांपैकीच एकीचे पान एका शास्त्रज्ञाने पुरावा म्हणून पुढे ठेवले आहे. नारळीकरांना हा उपरोध अभिप्रेत असेल वा नसेल, कथेत तो आहे.

दोष मात्र उत्तरार्धात आहे. राजेंद्र देशपांडे आपत्तिसिद्धान्त व पुंजवाद समजावू लागतात, तेव्हा कथा वर्गात जाऊन बसते. ज्याच्या हातात ते पान आहे त्याला स्पष्टीकरणाची गरज कमी असते. शिवाय जागे झाल्यावर नाथ कामास लागले. गंगाधरपंत पानिपतावरील परिसंवादाचे अध्यक्षपद तेवढे नाकारतात. (हा निद्राविकार काही सभाध्यक्षांस जडला तर आमची तक्रार नाही.)

बालाघाटकडून पाहता आणखी एक गोष्ट जाणवते. कथेची आगगाडी पुण्याहून मुंबईस जाते; वैनगंगेकडील मराठी वाचकाच्या मनात वेगळेच फाटे असतात. १८५४ साली नागपूरचे राज्य खालसा झाले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी नागपूरसह विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले. शेजारचा बालाघाट मध्य प्रदेशातच राहिला. येथे गोळी कोणाच्या कानाजवळून गेली नाही, नकाशावर एक रेघ तेवढी ओढली गेली. पण घरी मराठी बोलणाऱ्या मुलाने शाळेत कोणत्या भाषेत शिकावे, हे त्या रेघेने ठरविले. अशा मुलास ही कथा भेटण्याचा संभव मराठीपेक्षा इंग्रजीतूनच अधिक, कारण एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात तिचे संक्षिप्त इंग्रजी रूप समाविष्ट झाले. तेथेही ‘बखर’ हा शब्द तसाच ठेवला आहे. बखर म्हणजे काय, आणि तिच्यातील एक ओळ बदलली तर काय काय बदलते, हे मूळ मराठी कथा समोर ठेवून शिक्षकासच सांगावे लागेल. सीमेवरील शाळांच्या ग्रंथालयांत त्या कथेची निदान एकेक प्रत असावी, अशी आमची सूचना आहे.