एका गावाची दोन चित्रे

फ्रान्सच्या बर्गंडी प्रांतात प्युइझे नावाचा झाडीचा व तळ्यांचा मुलूख आहे. त्यातील सें-सोव्हर हे सुमारे नऊशे वस्तीचे खेडे. येथे २८ जानेवारी १८७३ रोजी कोलेतबाईंचा जन्म झाला, आणि त्यांच्या लेखणीमुळेच या गावाचे नाव साहित्यात राहिले. परंतु त्यांनी गावाचे चित्र दोनदा रेखाटले, व ती दोन्ही परस्परांशी जुळत नाहीत. खरे कोणते, हा प्रश्न टीकाकारास टाळता येण्याजोगा नाही.

पहिले चित्र १९०० सालच्या 'क्लोदीन शाळेत' या कादंबरीतील. पुस्तकावर नाव होते पती विली यांचे, आणि गावास दिलेले नाव मोंतिन्यी. मुलींचे हेवेदावे, शिक्षिकांची गुपिते, परीक्षेची धांदल हे सारे इतके ओळखीचे, की गावकरी दुखावले. मजकूर चटकदार करण्याची सूचना विलींची होती, असे कोलेतबाईंनी १९३६ च्या आपल्या आठवणींत नमूद केले आहे. निरीक्षण तीक्ष्ण खरे. पण पॅरिसच्या वाचकास हसविण्यासाठी येथे गावच वेठीस धरलेले आहे.

दुसरे चित्र 'क्लोदीनचे घर' (१९२२) व 'सिदो' (१९३०) या ग्रंथांतले. तोवर बरेच काही घडून गेले होते. कर्जापायी घरचे सामान लिलावात गेले व १८९१ च्या सुमारास कुटुंबाने गाव सोडले. १९१२ मध्ये आई सिदो वारली. तिच्या अंत्यविधीस कन्या गेली नाही. मग दहा वर्षांनी उतारावरचे ते घर, त्याची वरची व खालची बाग, आणि झाडांशी, वाऱ्यापावसाशी बोलणारी आई कागदावर उतरली.

यावर एक आक्षेप संभवतो. 'दिवसाचा जन्म' (१९२८) या कादंबरीच्या आरंभी आईचे पत्र आहे. दुर्मिळ निवडुंग कदाचित फुलेल, म्हणून ती लेकीकडे येण्याचे निमंत्रण नाकारते. मूळ पत्रात मात्र तिने ते स्वीकारले होते! कादंबरीत असा फेरफार चालतो, हे आम्हांस मान्य आहे. त्याने आई थोर झाली. पण लेकीच्या ओढीने निघालेली वृद्धा हरवली, आणि तीही आम्हांस तितकीच मोलाची वाटते.

तरीही आमचा कौल दुसऱ्या चित्रास आहे. पहिल्यात तपशील बिनचूक असूनही माणसे उपहासापुरतीच उरतात. दुसऱ्यात लेखिका स्वतः काय गमावून बसली, ते प्रत्येक फुलाच्या नावातून उमगते. ते घर २०१६ पासून लोकांस खुले आहे, व त्याच्या बागाही तिच्या लिखाणाच्या आधारे पुन्हा लावल्या आहेत. वाचकांनी आधी 'क्लोदीनचे घर' वाचावे, आणि मग 'क्लोदीन शाळेत' हाती घ्यावे. म्हणजे तिच्या थट्टेत कोणती माया दडपली गेली होती, ते आपोआप ध्यानात येईल.