मियोचे लग्न : मैत्रीची वाट आणि कुळाचा दाखला

अकुमी आगितोगी यांची ‘वाताशी नो शिआवासे ना केक्कोन’, म्हणजे ‘माझे सुखी लग्न’, ही जपानी कादंबरीमाला २०१९ पासून पुस्तकरूपाने प्रसिद्ध होऊ लागली. २०२३ मध्ये तिच्यावर चित्रपट निघाला. मेइजी काळाच्या धर्तीवरील अद्भुत जगातली ही प्रेमकथा धम्माच्या अभ्यासकाने का वाचावी, असा प्रश्न वाचकांस पडेल. दुःखाचे कारण घरातच असेल तर त्याचा निरोध कसा व्हावा, हा तिचा विषय असल्याने आम्ही ती विचारार्थ घेतली आहे.

नायिका मियो साइमोरी हिची आई लहानपणीच वारते. सावत्र आई तिला स्वतःच्याच घरात मोलकरीण करते आणि बाप ते निमूट पाहतो. पुढे कियोका कुदो या सेनाधिकाऱ्याकडे तिची वधू म्हणून पाठवणी होते. तिने केलेली पहिली न्याहारी तो विषाच्या संशयाने नाकारतो. नंतर मात्र तिच्या हातचे जेवून दाद देतो. मियोच्या तोंडी सतत क्षमायाचना असते. ती सवय सुटावयास फार वेळ लागतो. घर बदलले तरी दुःस्वप्ने सुटत नाहीत. ही संथ गतीच कथेचे बळ होय. कल्याणमित्रता हा मार्गाचा अर्धा नव्हे, संपूर्ण भाग आहे, असे भगवंतांनी आनंदास सांगितले. तो उपदेश भिक्खुजीवनाचा आहे हे मान्य करूनही आम्ही म्हणू की, कियोका प्रियकर होण्याआधी मियोचा मित्र होतो.

आमचा आक्षेप पुढे आहे. कियोका मियोला शक्तिहीन समजूनच स्वीकारतो. तरीही लेखणीला आईच्या उसुबा कुळातून आलेल्या स्वप्नशक्तीचा दाखला द्यावा लागतो. वसलसुत्त ज्यांनी वाचले आहे, त्यांना हे खटकल्याशिवाय राहणार नाही. शक्ती नसती, तर तिचे माणूसपण उणे ठरले असते काय?

बीड जिल्ह्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार येथील २० ते २४ वयोगटातील सुमारे ४३.७ टक्के स्त्रियांचे लग्न अठरा वर्षांच्या आत झाले होते. ऊसतोडीत नवराबायको मिळून एक ‘कोयता’ धरतात आणि मुकादमाची उचल त्या जोडीवर मिळते. जेथे लग्नाने मुलगी अर्धा कोयता होते, तेथे ‘चांगला नवरा हीच सुटका’ हा निष्कर्ष तिच्या हाती देणे धोक्याचे आहे.

थेरीगाथेतील मुत्ता थेरी उखळ, मुसळ आणि नवरा यांपासून सुटल्याचे स्वतःच सांगते. बेबी कांबळे यांनी ‘जिणं आमुचं’ घरच्यांपासून लपवून लिहिले. १९८६ मध्ये ते पुस्तकरूपाने आले. या दोघींची मुक्ती त्यांच्याच वाणीत आहे. मियोची कथा आमच्या मुलींनी अवश्य वाचावी, कारण जखम हळूहळू भरते हे ती खरेपणाने सांगते. परंतु विहाराच्या ग्रंथालयात तिच्या शेजारी ही दोन पुस्तके असावीत, एवढीच आमची सूचना आहे.