‘स्मृतिचित्रे’: दूरदर्शनच्या पडद्यावरचे सोवळे

विजया मेहता मूळच्या रंगभूमीवरच्या अभिनेत्री. १९६० साली ‘रंगायन’ उभी करणाऱ्यांत त्या होत्या. ते प्रायोगिक नाटक आमच्या वस्तीपर्यंत कधी आले नाही. १९८० नंतर त्यांनी दूरदर्शनसाठी दिग्दर्शित केलेले ‘स्मृतिचित्रे’ मात्र आम्ही पाहिले, शेजाऱ्याच्या दारात उभे राहून का होईना.

सुहास जोशींची लक्ष्मीबाई मला पटली. टिळक १८९५ साली ख्रिस्ती झाले, लक्ष्मीबाई १९०० साली. मधल्या वर्षांत या ब्राह्मण बाईने स्वतःशी झगडून सोवळे टाकले. पुष्कळजण हिला संसारकथा म्हणतात. मी जातित्यागाची म्हणतो.

तक्रार एवढीच, की विटाळ सोडणारीचे मन जितके उलगडते, तितके ज्यांचा विटाळ मानला त्यांचे उलगडत नाही. मूळ पुस्तकाचीच ही मर्यादा, हे खरे. पण कॅमेऱ्याला थोडेच सोवळे होते?