गार्थीआ लेओथ, हेसूस

(१० जानेवारी १९०४ – २५ फेब्रुवारी १९५३). स्पॅनिश संगीतरचनाकार. गीते, वाद्यवृंदरचना, त्सार्सुएला (स्पॅनिश संगीतिका) आणि विशेषतः चित्रपटांचे पार्श्वसंगीत यांसाठी प्रसिद्ध. जन्म उत्तर स्पेनमधील नव्हार प्रांतातील ओलीते या गावी. आरंभीचे संगीतशिक्षण त्याच प्रांतात झाल्यावर तरुणपणी काही काळ तो अर्जेंटिनात होता. तेथून परतल्यावर तो माद्रिदमध्ये स्थायिक झाला. तेथे कोनरादो देल कांपो याच्याकडे व पुढे होआकीन तुरीना (१८८२–१९४९) याच्याकडे त्याने रचनाशास्त्राचा अभ्यास केला. यांपैकी तुरीनाचा प्रभाव अधिक खोल होता. स्वच्छ आकृतिबंध, लोकधुनींच्या वळणाचे स्वरविधान आणि वाद्यवृंदाच्या रंगछटांची सूक्ष्म जाण हे गुण लेओथने त्याच्याकडून घेतले.

लेओथच्या पिढीवर यादवी युद्धाचा (१९३६–३९) मोठा आघात झाला. युद्धाच्या सुमारास व त्यानंतर मान्वेल दे फाया व हूल्यान बाउतीस्ता अर्जेंटिनात, रोदोल्फो हाल्फ्तेर मेक्सिकोत आणि रोबेर्तो जेरार्द इंग्लंडमध्ये गेला. लेओथ मायदेशीच राहिला. युद्धकाळात प्रजासत्ताकाच्या ताब्यातील माद्रिदमध्ये तो होता आणि तेथील रंगभूमीशी त्याचा संबंध होता. कवी फेदेरीको गार्थीआ लोर्का याची ऑगस्ट १९३६ मध्ये हत्या झाली. त्यानंतरच्या वर्षी लेओथने लोर्काच्या शब्दांवर तीन गीतांची ‘त्रिप्तिको’ ही माला रचली. लोकगीताच्या धाटणीची, पियानोच्या साथीने म्हणावयाची ही छोटी गीते आजही स्पॅनिश गायकांच्या मैफलींत ऐकावयास मिळतात. राफाएल आल्बेर्ती व ह्वान रामोन हीमेनेथ यांच्या कवितांनाही त्याने संगीत दिले. पियानोसाठी सोनाटिना, तंतुवाद्य-चतुष्टक, एक सिंफनी आणि ‘ला दुकेसा देल कांदील’ ही त्सार्सुएला या त्याच्या अन्य उल्लेखनीय रचना होत. या सर्वांत नवतेपेक्षा नेटकेपणा अधिक आहे. यूरोपातील समकालीन प्रयोगांकडे तो फारसा वळला नाही.

युद्धानंतर स्पेनमध्ये मैफलीच्या संगीतावर उपजीविका करणे कठीण होते. नियमित काम व नियमित मोबदला चित्रपटसृष्टीतच मिळे. ही सृष्टी मात्र फ्रांको राजवटीच्या कडक नियंत्रणाखाली होती. पटकथा चित्रीकरणापूर्वीच तपासली जाई. परदेशी चित्रपट १९४१ पासून स्पॅनिश भाषेतच दाखवावे लागत आणि १९४३ पासून प्रत्येक चित्रपटगृहात ‘नो-दो’ हा शासकीय वार्तापट सक्तीचा झाला. त्या वार्तापटाची नांदीची धून मान्वेल पारादा याची. फ्रांकोने टोपणनावाने लिहिलेल्या कथेवरील ‘राथा’ (१९४२) या चित्रपटाचे संगीतही त्याचेच. ह्वान किन्तेरो याने थीफेसा या निर्मितीसंस्थेच्या ‘लोकूरा दे आमोर’ (१९४८) यासारख्या भव्य ऐतिहासिक चित्रपटांना संगीत दिले. सम्राज्ञी, सिंहासने आणि जहाजे यांच्यामागे उसळणारे तुताऱ्यांचे व तंतुवाद्यांचे लोट हा त्या काळच्या पडद्याचा ठरलेला आवाज बनला.

लेओथही याच व्यवसायात रुळला. नौदल-छात्रांच्या जीवनावरील ‘बोतोन दे आंक्ला’ (१९४८), सैनिकाचा धर्मोपदेशक होण्याची कथा सांगणारा ‘बालार्रासा’ (१९५१) अशा राजवटीला मान्य असलेल्या विषयांवरील लोकप्रिय चित्रपटांचे संगीत त्याचे आहे. अशा कामांत संगीतकाराला अवधी थोडा असे. चित्रपटाचे संकलन झाल्यावर दृश्यांच्या कालावधीच्या मापाने रचना करावयाची, वाद्यवृंदाकडून ती ध्वनिमुद्रित करून घ्यावयाची आणि संवाद सुरू होताच ती दबली जाणार हे गृहीत धरावयाचे, अशी ही कार्यपद्धती होती. त्यामुळे लेओथच्या चित्रपटसंगीतात पुनरुक्ती व ठरीव उपाय आढळतात, हे मान्य करावयास हवे. मात्र एकाच वर्षातील दोन चित्रपटांमुळे त्याच्या कारकीर्दीची दुसरी बाजू समोर येते. होसे आंतोन्यो न्येवेस कोंदे याचा ‘सुर्कोस’ (१९५१, म. शी. ‘नांगराचे तास’) हा माद्रिदमध्ये पोट भरण्यासाठी आलेल्या एका शेतकरी कुटुंबाच्या वाताहतीचे चित्रण करतो. काळा बाजार, बेकारी व दाटीवाटीची वस्ती यांचे असे दर्शन त्या काळच्या स्पॅनिश पडद्यावर दुर्मिळ होते. मान्वेल मूर ओती याच्या ‘थ्येलो नेग्रो’ (१९५१, म. शी. ‘काळे आकाश’) या चित्रपटाच्या अखेरीस आत्महत्येच्या विचारापासून परावृत्त झालेली नायिका पावसात धावत सुटते आणि कॅमेरा दीर्घकाळ तिच्याबरोबर सरकत राहतो. अशा विषयांना सम्राज्ञींच्या चित्रपटांचा आवाज चालणारा नव्हता. लोर्कागीतांतील मितभाषी संगीतकाराला चित्रपटात प्रथमच त्याच्या प्रकृतीचे विषय मिळाले.

लेओथचे सर्वांत महत्त्वाचे चित्रपटकार्य मात्र विनोदी चित्रपटांत आहे. ह्वान आंतोन्यो बार्देम व लुईस गार्थीआ बेर्लांगा या दोन तरुण दिग्दर्शकांचा ‘एसा पारेहा फेलिथ’ (निर्मिती १९५१, म. शी. ‘ते सुखी जोडपे’) हा चित्रपट एका भव्य ऐतिहासिक दृश्याने सुरू होतो. लवकरच ते दृश्य म्हणजे स्टुडिओतील चित्रीकरण असल्याचे उघड होते आणि खिडकीतून उडी घेणाऱ्या राणीची फजिती होते. ‘लोकूरा दे आमोर’च्या परंपरेचे हे विडंबन होय. ते वठण्यासाठी त्या परंपरेचे संगीत आतून जाणणारा रचनाकार हवा होता.

एकट्या बेर्लांगाने दिग्दर्शित केलेल्या ‘ब्येनव्हेनीदो, मिस्तर मार्शल’ (१९५३, म. शी. ‘सुस्वागतम्, मिस्टर मार्शल’) या चित्रपटात हे तंत्र पूर्णत्वास गेले. मार्शल योजनेतून स्पेनला वगळण्यात आले होते. अमेरिकन पाहुणे मदत घेऊन येणार असे कळल्यावर कॅस्टीलमधील एक काल्पनिक खेडे, परदेशी लोकांना आवडतो तसा स्पेन दाखविण्यासाठी, अंदालूसियाचा वेश चढविते. अखेर पाहुण्यांच्या मोटारी न थांबताच निघून जातात. लोलिता सेव्हिल्या या नव्या गायिकेला पुढे आणणारा गाण्यांचा चित्रपट काढावा, अशी निर्मात्यांची मूळ मागणी होती. त्यामुळे चित्रपटात संगीताचे दोन थर आहेत. तिने गायिलेल्या अंदालूसी ढंगाच्या गीतांच्या चाली ह्वान सोलानो याच्या असून पार्श्वसंगीत लेओथचे आहे. कथेत जे कपड्यांचे होते तेच संगीतात चालींचे होते. कॅस्टीलच्या माळावरील गावाला दक्षिणेचे गाणे उसने घ्यावे लागते. लेओथ स्वतः उत्तरेचा आणि त्याचा गुरू तुरीना सेव्हिलचा. अंदालूसियाचा रंग मैफलीत व बाजारात ‘स्पेन’ म्हणून कसा खपतो, हे त्याच्याइतके थोड्यांनाच ठाऊक असेल.

पाहुण्यांच्या आगमनाच्या आदल्या रात्री गावकऱ्यांना पडणारी स्वप्ने हा चित्रपटाचा गाभा होय. नगराध्यक्ष स्वप्नात अमेरिकन ‘वेस्टर्न’चा नायक होतो. धर्मगुरूच्या स्वप्नात पवित्र सप्ताहाच्या मिरवणुकीतील टोकदार टोप्यांचे भाविक कू क्लक्स क्लॅनचे सदस्य ठरतात, मिरवणुकीच्या तालातून जॅझचे सूर निघतात आणि पुढे न्यायासन उभे राहते. दरिद्री उमराव विजेत्या पूर्वजांप्रमाणे जहाजातून नव्या जगाच्या किनाऱ्यावर उतरतो आणि तेथील रहिवाशांच्या तावडीत सापडतो. शेतकऱ्याला विमानातून ट्रॅक्टर मिळतो. प्रत्येक स्वप्न एकेका चित्रपटप्रकाराचे विडंबन आहे. काही क्षणांत तो प्रकार ओळखू यावा, याची बरीचशी जबाबदारी संगीतावर आहे. येथे लेओथ कोठेही वेडावून दाखवीत नाही. तो प्रत्येक शैली जबाबदारीने, जणू खऱ्या चित्रपटासाठीच, लिहितो. समोरचे दृश्य तेवढे तिला पेलत नाही, आणि त्यातून हसू उत्पन्न होते. वर्षानुवर्षे गंभीरपणे वापरलेले ठरीव उपाय त्याने येथे केवळ जागा बदलून उपहासाचे साधन केले. पटकथा वाचणाऱ्या सेन्सॉरला हा उपहास कागदावर सापडण्याजोगा नव्हता.

याचा अर्थ लेओथ बंडखोर होता असा नव्हे. ‘बालार्रासा’ आणि ‘मिस्तर मार्शल’ या दोहोंचे संगीत त्याने सारख्याच निष्ठेने रचले. राजवटीतील कलावंताचे मूल्यमापन त्याने नाकारलेल्या कामांवरून करण्याची प्रथा आहे. त्या कसोटीने लेओथच्या हाती फारसे काही लागत नाही. परंतु बार्देम व बेर्लांगा यांच्यापाशी नवी दृष्टी होती आणि जुनी कारागिरी नव्हती, ती लेओथने पुरविली. नव्या स्पॅनिश चित्रपटाच्या आरंभातील त्याचा वाटा या दृष्टीने पाहावयास हवा.

‘मिस्तर मार्शल’ एप्रिल १९५३ मध्ये माद्रिदला प्रदर्शित झाला आणि त्याच वर्षी कान महोत्सवात गौरविला गेला. त्यापूर्वीच, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, लेओथ माद्रिद येथे निधन पावला. पुढील पिढीतील क्रिस्तोबाल हाल्फ्तेर, लुईस दे पाब्लो, आंतोन गार्थीआ आब्रील (१९३३–२०२१) यांनीही चित्रपटांना संगीत दिले. मैफलीतील व चित्रपटातील कामाची सांगड घालणाऱ्या या परंपरेत लेओथचे स्थान महत्त्वाचे आहे. त्याची गीते स्वतंत्रपणे टिकून आहेत. चित्रपटसंगीत मात्र चित्रपटांपासून वेगळे काढले तर निम्मे मुके होते. ‘मिस्तर मार्शल’मधील स्वप्नांची रात्र त्यामुळे पडद्यावरच ऐकावयास हवी.